मॉड कुठे ठेवायचे हे कोण ठरवते?

सी ड्राइव्हची पट्टी लाल झाली की माणूस जागा शोधायला निघतो. 'स्कायरिम'सारखा खेळ मॉड, म्हणजे खेळात बदल करणाऱ्या जादा फाइली, लावून खेळणाऱ्याला ती जागा कुणी खाल्ली हे फार शोधावे लागत नाही. यूजर्समध्ये आपल्या नावाचा फोल्डर, त्यात एरवी लपलेला ॲपडेटा, त्यात रोमिंग, मग व्होर्टेक्स, मग खेळाचे नाव आणि सर्वांत आत 'मॉड्स'. व्होर्टेक्स हा नेक्सस मॉड्स या संकेतस्थळाचा मॉड मॅनेजर, आणि हा त्याचा स्टेजिंग फोल्डर. हौशी खेळाडूच्या संगणकावर हा एकटा फोल्डर मूळ खेळापेक्षा मोठा झालेला असतो. मग पहिला विचार हाच येतो की शेजारी मोठा, स्वस्त, निम्मा रिकामा ड्राइव्ह पडून आहे, तिकडे हलवू. हा विचार वाटतो तितका सरळ नाही. मॉडची जागा रिकाम्या जीबींच्या हिशेबाने ठरत नाही. खेळ कोणत्या ड्राइव्हवर आहे आणि मॅनेजर मॉड खेळापर्यंत कोणत्या मार्गाने पोचवतो, यावरून ती ठरते. हा मार्ग समजून न घेता केलेले स्थलांतर बहुधा फसते, आणि फसते तेव्हा एकही जीबी मोकळा झालेला नसतो.

मुळात मॉड एवढे फुगतात कसे, हे आधी पाहू. मॉडमधला सर्वांत जड ऐवज म्हणजे टेक्श्चर, अर्थात दगड, कातडी, कापड, झाडाची साल यांवर चढवलेली चित्रे. ४०९६ गुणिले ४०९६ बिंदूंचे चित्र, म्हणजे जवळजवळ १ कोटी ६८ लाख बिंदू. दर बिंदूला ४ बाइट धरले तर ते ६४ एमबी होते. खेळांत सर्रास वापरल्या जाणाऱ्या बीसी७ या पद्धतीने आवळले तर दर बिंदूला एक बाइट पुरतो आणि आकार १६ एमबीवर येतो. दुरून दिसणाऱ्या वस्तूंसाठी त्याच चित्राच्या लहान लहान आवृत्त्याही सोबत ठेवाव्या लागतात, त्यांनी सुमारे एक तृतीयांशाची भर पडून शेवटचा आकडा २१ एमबीच्या आसपास जातो. एका दगडाला रंगाचे एक आणि उंचसखलपणाचे एक अशी किमान दोन चित्रे लागतात. असे शेकडो दगड, भिंती, चिलखते मोजली की दहा-वीस जीबीचा मॉड का असतो याचा उलगडा होतो. 'स्कायरिम' नोव्हेंबर २०११मध्ये आला. ऑक्टोबर २०१६ची त्याची विशेष आवृत्ती ६४-बिट असल्याने जुन्या आवृत्तीला असलेली मेमरीची अडचण सुटली आणि मॉडकर्त्यांचा हात आणखी सैल झाला.

आता मॅनेजरची गरज. पूर्वी मॉड लावायचा म्हणजे झिप उघडून त्यातला माल खेळाच्या 'डेटा' फोल्डरमध्ये ओतायचा, एवढाच विधी होता. दोन मॉडमध्ये एकाच नावाची फाइल असेल तर नंतरची आधीचीवर बसे आणि आधीची कायमची जाई. महिनाभराने एखादा मॉड काढायचा म्हटले तर त्याच्या फाइली कोणत्या, हे कुणालाच सांगता येत नसे. शेवटी सगळा खेळ पुसून पुन्हा बसवायचा. मॅनेजरने ही गुंतागुंत सोडवली ती प्रत्येक मॉड स्वतःच्या वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवून. मॉड राहतो मॅनेजरकडे, पण खेळाला मात्र तो आपल्याच 'डेटा' फोल्डरमध्ये असल्यासारखा दिसला पाहिजे. तो तसा दाखवण्याच्या क्रियेला डिप्लॉय म्हणतात आणि दाखवलेले मागे घेण्याला पर्ज. एकच फाइल दोन ठिकाणी कशी दिसणार? मॉडच्या जागेचा सगळा प्रश्न या एका जागी येऊन थांबतो.

व्होर्टेक्सचे नेहमीचे उत्तर हार्डलिंक. विंडोजमधली एनटीएफएस ही फाइल साठवण्याची व्यवस्था प्रत्येक ड्राइव्हवर एक मोठी नोंदवही ठेवते. फाइलचा मजकूर डिस्कवर कुठे आहे हे त्या वहीतल्या नोंदीत असते. फोल्डरमध्ये आपल्याला दिसते ती फाइल नसते, त्या नोंदीचा क्रमांक धरून असलेले नाव असते. घरात ज्याला बाळू म्हणतात तोच शाळेच्या हजेरीपटावर भालचंद्र असतो. नावे दोन, मुलगा एकच. हार्डलिंक म्हणजे त्याच नोंदीला आणखी एक नाव देणे. स्टेजिंग फोल्डरमधले नाव खरे आणि खेळाच्या फोल्डरमधले नकली, असा भेद इथे नाही, दोन्ही सारखीच खरी. एनटीएफएसमध्ये एका फाइलला अशी १०२४पर्यंत नावे असू शकतात, आणि सगळी नावे पुसली जाईपर्यंत मजकूर डिस्कवरून हलत नाही. यामुळेच एक चमत्कारिक गोष्ट दिसते. स्टेजिंग फोल्डरच्या प्रॉपर्टीज पाहिल्या तर ८० जीबी, डिप्लॉयनंतर खेळाच्या फोल्डरचाही आकार ८० जीबींनी वाढलेला, पण ड्राइव्हवरची मोकळी जागा मात्र जवळपास तेवढीच. एक्सप्लोरर नावे मोजतो, ड्राइव्ह मजकूर मोजतो. दोन फोल्डरांच्या आकारांची बेरीज करून 'मॅनेजर जागा दुप्पट खातो' अशी तक्रार करणाऱ्यांचा घोटाळा इथे होतो.

ही नोंदवही प्रत्येक ड्राइव्हची स्वतःची असते. सी ड्राइव्हच्या वहीतला अमुक क्रमांक डी ड्राइव्हच्या वहीत भलत्याच फाइलचा असणार. म्हणून डीवरच्या फोल्डरमध्ये सीवरच्या फाइलचे दुसरे नाव लिहिताच येत नाही. हा व्होर्टेक्सचा हट्ट नाही आणि विंडोजची लहरही नाही. युनिक्समध्ये हार्डलिंक १९७०च्या दशकाच्या आरंभापासून आहेत आणि तिथेही हीच मर्यादा आहे. आजच्या लिनक्सवरही एका विभागातून दुसऱ्यात हार्डलिंक करू पाहिली की नकार मिळतो. सेटिंग्जमध्ये कितीही शोधले तरी यावर बटण सापडणार नाही. पेनड्राइव्ह आणि बाहेरून जोडायच्या डिस्कवर अनेकदा असणाऱ्या एक्सफॅट व्यवस्थेत तर हार्डलिंक ही सोयच नाही, त्यामुळे तिथे खेळ आणि मॉड शेजारी शेजारी ठेवूनही उपयोग नाही.

इथे आपल्याकडच्या एका सवयीचा उल्लेख करायला हवा. संगणक जोडून देणारे कारागीर एकाच डिस्कचे सी, डी, ई असे भाग पाडून देतात. विंडोज बिघडून सी पुसावा लागला तरी फोटो आणि कागदपत्रे वाचावीत, हा त्यामागचा शहाणा हेतू. मात्र एनटीएफएसच्या दृष्टीने हे तीन भाग म्हणजे तीन वेगळ्या नोंदवह्या. डिस्क एकच आहे, तिचा वेग एकच आहे, तरी सीवरचे मॉड ईवरच्या खेळाला हार्डलिंकने जोडता येत नाहीत. 'माझ्याकडे एकच डिस्क आहे, मग मॅनेजर वेगळा ड्राइव्ह का म्हणतो' याचे उत्तर हे आहे.

यावर माहीतगार माणूस लगेच म्हणेल की हार्डलिंक नको, सिमलिंक वापरा. सिमलिंक म्हणजे 'खरी फाइल अमुक ठिकाणी आहे' एवढेच सांगणारी छोटी फाइल. तिच्यात पत्ता लिहिलेला असतो, क्रमांक नसतो, म्हणून ती ड्राइव्हची वेस ओलांडू शकते. आक्षेप रास्त आहे आणि काही खेळांसाठी हा मार्ग खरोखर चालतो. पण विंडोजमध्ये फाइलींच्या सिमलिंक आल्या त्या व्हिस्टापासून, आणि त्या बनवायला प्रशासकाचा अधिकार लागे. २०१७मधल्या विंडोज १०च्या सुधारणेनंतर डेव्हलपर मोड चालू ठेवणाऱ्यांना त्यातून सूट मिळाली. त्याहून मोठी अडचण खेळांचीच. 'स्कायरिम' आणि 'फॉलआउट ४' ज्या गेमब्रायो घराण्याच्या इंजिनावर उभे आहेत, त्या घराण्याला सिमलिंक मानवत नाही, म्हणून व्होर्टेक्स त्या खेळांसाठी हा पर्याय वापरूच देत नाही. म्हणजे ज्या खेळांचे मॉड सर्वांत जड, नेमका त्यांच्यासाठीच हा दरवाजा बंद.

आणि समजा दरवाजा उघडा असता, तरी वेगाचा हिशेब उरतोच. दुवा कोणताही असो, मजकूर शेवटी जिथे आहे तिथूनच वाचला जातो. मिनिटाला ७२०० फेऱ्या मारणाऱ्या चकतीच्या डिस्कला एक फेरी पुरी करायला ८.३ मिलिसेकंद लागतात. हवा तो तुकडा डोक्याखाली येण्यासाठी सरासरी अर्धी फेरी, म्हणजे ४ मिलिसेकंदांहून थोडे जास्त थांबावे लागते, आणि डोके योग्य रेषेवर जाण्याचा वेळ वेगळाच. मॉडच्या फाइली सुट्या, हजारोंनी आणि डिस्कभर विखुरलेल्या. दहा हजार फाइलींमागे निव्वळ या थांबण्याचे ४० सेकंद होतात, वाचन अजून सुरूही झालेले नसते. प्रत्यक्षात खेळ एका दमात एवढ्या फाइली उघडत नाही, पण चालता चालता नवे गाव समोर आले की तो जो हिसका देतो त्याचे मूळ बऱ्याचदा इथे असते. खेळ एसएसडीवर ठेवून मॉड चकतीवर ठेवणे म्हणजे एसएसडीसाठी मोजलेले पैसे वाया घालवणे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. मॉड ऑर्गनायझर २ नावाचा मॅनेजर वापरणारे म्हणतील, 'आम्ही मॉड कुठल्याही ड्राइव्हवर ठेवतो, आमचे काही अडत नाही.' खरे आहे. हा मॅनेजर खेळाच्या फोल्डरमध्ये मॉडची एकही फाइल टाकत नाही. तो खेळ स्वतः सुरू करतो आणि सुरू होतानाच त्याच्या प्रक्रियेत आपला एक तुकडा घुसवतो. खेळाने विंडोजकडे फाइल मागितली की हा तुकडा ती मागणी मधेच अडवतो आणि मॉडच्या फोल्डरकडे वळवतो. खेळाला 'डेटा'मध्ये सगळे हजर दिसते. बाहेरून एक्सप्लोररने पाहावे तर तिथे मूळ खेळाखेरीज काही नाही. नोंदवहीचा संबंधच आला नाही, त्यामुळे ड्राइव्हचे बंधनही गेले. या उदाहरणाने वरचे म्हणणे खोटे ठरत नाही, उलट पक्के होते: मार्ग बदलला तशी जागेची अट बदलली. या सुटकेची किंमतही आहे. मॉड तपासणारी किंवा जुळवणारी सगळी हत्यारे याच मॅनेजरमधून चालू करावी लागतात, नाहीतर त्यांना मॉड दिसतच नाहीत. स्थलांतराची रीतही वेगळी. तिथे सेटिंग्जमध्ये मॉड, डाउनलोड, प्रोफाइल यांचे पत्ते निरनिराळे देता येतात, पण पत्ता बदलला म्हणून माल आपोआप सरकत नाही. तो आपण वाहून न्यायचा. त्यातल्या पोर्टेबल पद्धतीत मात्र सगळा संसार एकाच फोल्डरमध्ये असतो, तो उचलून नेणे सोपे पडते. चकतीच्या वेगाची मर्यादा तिथेही तशीच.

काही जण तिसरी युक्ती काढतात. ॲपडेटामधला फोल्डर डीवर नेऊन ठेवायचा आणि जुन्या जागी विंडोजचे जंक्शन बसवायचे, म्हणजे मॅनेजरला वाटेल की काही बदललेच नाही. जंक्शन विंडोज २०००पासून आहेत आणि बऱ्याच कामांना ती उत्तम. हार्डलिंकपुढे मात्र ही हातचलाखी टिकत नाही, कारण दुसरे नाव लिहिताना विंडोज पत्त्यातले अक्षर पाहत नाही, फाइल प्रत्यक्ष ज्या ड्राइव्हवर आहे त्याची वही उघडते. खेळ सीवर असेल तर नकार ठरलेला. खेळही डीवर असेल तर जे काम मॅनेजरच्या सेटिंग्जमध्ये उघडपणे झाले असते तेच लपूनछपून झाले, आणि सहा महिन्यांनी काही बिघडले तर कारण शोधताना हे जंक्शन कुणालाच आठवणार नाही. एवढा खटाटोप कशासाठी?

मग प्रश्न येतो की जागेची एवढी अट असताना व्होर्टेक्सने मूळ फोल्डर सीवर, तोही ॲपडेटाच्या पोटात का ठेवला? यावर टीका बरीच होते, पण मला ती अर्धीच पटते. प्रोग्रॅम बसवला जातो तेव्हा त्याला खेळ कोणता आणि कुठे आहे हे माहीत नसते. ॲपडेटा प्रत्येक संगणकावर असतो आणि तिथे लिहायला प्रशासकाची परवानगी लागत नाही. प्रोग्रॅम फाइल्समध्ये व्हिस्टापासून तशी मोकळीक राहिलेली नाही. शिवाय खेळ विकत घेण्याचा आणि बसवण्याचा प्रोग्रॅम स्टीमही आपण न बदलल्यास सीवरच बसतो, म्हणजे काहीच न बदलणाऱ्याचे खेळ आणि मॉड आपसूक एका ड्राइव्हवर येतात. खोट आहे ती दोन गोष्टींत. फोल्डर लपलेला असल्याने जागा कुठे गेली ते नवख्याला कळत नाही. आणि पत्ता लांबलचक होतो. विंडोजच्या जुन्या नियमाने संपूर्ण पत्ता २६० अक्षरांत बसावा लागतो. ॲपडेटातून मॉड्सपर्यंत पोचायलाच पन्नासेक अक्षरे खर्च होतात. पुढे मॉडचे लांबलचक नाव आणि त्यातले फोल्डरात फोल्डर. ड्राइव्हच्या मुळाशीच एक आखूड नावाचा फोल्डर केला तर यातली बरीच अक्षरे वाचतात. सेटिंग्जमधल्या मॉड्स या पानावर जागा सुचवण्याचे बटण आहे, ते दाबले की व्होर्टेक्स हेच करतो: खेळ सीपेक्षा वेगळ्या ड्राइव्हवर असेल तर त्याच ड्राइव्हच्या मुळाशी मॉडचा फोल्डर सुचवतो. त्याची सूचना ऐकावी.

प्रत्यक्ष हलवताना एक मोह टाळायचा: फोल्डर माउसने ओढून दुसरीकडे टाकण्याचा. त्याने काय होते ते हार्डलिंकच्या हिशेबाने तपासून पाहा. खेळ सीवर, मॉड सीवर, डिप्लॉय झालेले. आता ८० जीबीचा स्टेजिंग फोल्डर डीवर ओढला. दोन ड्राइव्हमध्ये फाइल सरकत नाही, तिची डीवर नवी प्रत होते आणि सीवरचे नाव पुसले जाते. पण त्याच मजकुराचे दुसरे नाव खेळाच्या फोल्डरमध्ये जिवंत आहे, म्हणून मजकूर सीवरच राहतो. डीचे ८० जीबी गेले, सीवर एक बाइटही सुटला नाही, आणि एरवी नुसती वाटणारी दुप्पट आता खरोखर झाली. भरीला मॅनेजर पुढच्या वेळी उघडला की फोल्डर सापडत नाही म्हणून विचारतो. तेव्हा घाईने नवा फोल्डर तयार करण्यास होकार दिला तर त्याच्या यादीतले सगळे मॉड गेले. बाहेरून जोडायच्या डिस्कवर स्टेजिंग ठेवणाऱ्यांना हा प्रश्न डिस्क जोडायला विसरले की केव्हाही पडू शकतो. तिथे उत्तर देण्याआधी मॅनेजर बंद करून डिस्क जोडणे एवढेच करायचे असते.

सेटिंग्जमधून पत्ता बदलून लागू केला की व्होर्टेक्स आधी पर्ज करतो, म्हणजे खेळाच्या फोल्डरमधली नावे काढून घेतो, नव्या ठिकाणी पुरेशी जागा आहे का ते पाहतो आणि मग माल हलवतो. आधीची नावे गेली असल्याने जुन्या जागेवरचा मजकूर खरोखर सुटतो. एकाच ड्राइव्हवर इकडून तिकडे करायचे असेल तर हे काम झटपट होते, कारण तिथे फक्त नावे बदलतात. दुसऱ्या ड्राइव्हवर न्यायचे असेल तर प्रत्येक बाइट वाचून पुन्हा लिहावा लागतो, तेव्हा वेळ लागणारच; मधेच संगणक बंद करू नये. प्रत्येक खेळाचा स्टेजिंग फोल्डर वेगळा असतो, म्हणून चार खेळ असतील तर हे चार वेळा करावे लागते.

सी भरला आहे आणि खेळही सीवरच आहे, ही सर्वांत सामान्य अवस्था. तिथे मॉड एकटे हलवून चालणार नाही, खेळही न्यायला हवा. अगोदर मॅनेजरमधून पर्ज करावे, म्हणजे खेळाच्या फोल्डरमध्ये खेळाचे तेवढेच राहते. मग स्टीममध्ये त्या खेळाच्या प्रॉपर्टीजमधून तो दुसऱ्या ड्राइव्हवरच्या लायब्ररीत हलवावा, मॅनेजरला खेळाची नवी जागा दाखवावी, तो सुचवेल तो स्टेजिंग फोल्डर घ्यावा आणि शेवटी डिप्लॉय करावे. मूळ झिप आणि सेव्हनझिपचे गठ्ठे ज्या डाउनलोड फोल्डरमध्ये असतात त्याला यातले कोणतेही बंधन नाही. ते मॉड बसवताना एकदा वाचले जातात, खेळ त्यांच्याकडे कधी पाहतही नाही, म्हणून ते जुन्या संथ चकतीवर टाकले तरी काही बिघडत नाही. त्यांचा पत्ता बदलायची सोय सेटिंग्जमध्ये डाउनलोडच्या वेगळ्या पानावर आहे, आणि कित्येकांची जागेची निम्मी अडचण तेवढ्यानेच सुटते.

या सगळ्यात 'स्कायरिम'चे सेव्ह कुठेच येत नाहीत. ते डॉक्युमेंट्समधल्या माय गेम्स फोल्डरमध्ये असतात आणि जागच्या जागी राहतात. धोका आहे तो पर्ज आणि डिप्लॉय यांच्या मधल्या वेळेत खेळ उघडून पाहण्यात. मॉड हजर नसताना जुना सेव्ह उघडला तर खेळ 'काही सामग्री सापडत नाही' असे सांगतो. ते दुर्लक्षून पुढे गेले आणि त्याच सेव्हवर पुन्हा सेव्ह झाले की मॉडने आणलेली शस्त्रे, घरे, सोबती त्यातून गळतात, आणि नंतर सगळे मॉड नव्या ड्राइव्हवर व्यवस्थित बसले तरी त्या सेव्हमध्ये ते परत येत नाहीत.